चेहरा दिसणार नाही, हात दिसतील

वीसेक जर्मन माहितीपटांत मी काम केलं आणि मला जर्मन येत नाही. ‘बिटे’, ‘डांके’, ‘काफे’ आणि ‘नोखमाल’ एवढ्या भांडवलावर माझी सगळी कारकीर्द झाली. त्यातला शेवटचा शब्द सगळ्यात महत्त्वाचा. नोखमाल म्हणजे पुन्हा एकदा. लंडनच्या एजवेअर भागातल्या एका रिकाम्या फ्लॅटमध्ये मी पोलिसांना दार उघडते असा प्रसंग होता. मी सतरा वेळा दार उघडलं, सतरा वेळा ‘नोखमाल’ ऐकलं, आणि अठराव्या वेळी इतक्या मनापासून वैतागून दार उघडलं की सगळं युनिट टाळ्या वाजवायला लागलं. तोच टेक टीव्हीवर गेला.

आमच्या हॅरोच्या मराठी मंडळात माझं नाव ‘जर्मन हिरॉईन’ पडलं होतं. लोकांना वाटायचं, मी तिकडच्या मालिकेत वगैरे असते. माझा नवरा मिलिंद कोणालाही सांगायचा, “नाही हो, तिची पाठ तिकडे फेमस आहे.” आणि ते अगदी खरं होतं.

आता हा धंदा काय ते सांगते, कारण पुण्यातल्या माझ्या बहिणीला तो अजून समजलेला नाही. जर्मन वाहिन्यांना सामाजिक आणि राजकीय माहितीपटांचं भारी वेड. घुसखोरी, निर्वासित, निवडणुका, घरकामगार, वृद्धाश्रम, विषयाला तोटा नाही. लंडनमध्ये सगळ्या जगातली माणसं एका बसमध्ये सापडतात म्हणून त्यांची युनिट्स इथे सारखी यायची. पण खरी माणसं कॅमेऱ्यासमोर येतीलच असं नाही. काही घाबरतात, काहींचे प्रसंग घडून गेलेले असतात. मग तो प्रसंग नट घेऊन पुन्हा उभा करायचा आणि पडद्याच्या कोपऱ्यात बारीक अक्षरांत तसं लिहायचं. ते बारीक अक्षर म्हणजे मी.

दोन हजार सालानंतरच्या त्या दहा वर्षांत मी कुर्दी आई झाले, तमिळ विधवा झाले, बांगलादेशी शिवणकामगार झाले, एकदा तर डोक्याला रुमाल बांधून तुर्की आजी झाले, तेव्हा माझं वय होतं अडतीस. पिनरच्या चॅरिटी शॉपमधल्या बाई मला बघताच विचारायच्या, “आज कोणता देश?” आणि आतून कपड्यांचा गठ्ठा काढून द्यायच्या. मला ते सगळं इतकं आवडायचं! सकाळी मेट्रोपॉलिटन लाइननं निघायचं ते नीलिमा म्हणून, आणि दहा वाजता एखाद्या शेतावरच्या बंद लॉरीत अकरा अनोळखी लोकांना चिकटून श्वास रोखून बसायचं. लॉरीचं दार उघडून उजेड डोळ्यांवर आला की दर वेळी माझ्या अंगावर काटा यायचा. अभिनय म्हणावा तर तो होता, आणि त्या क्षणापुरती मी खरंच कुठल्या तरी सीमेवर असायचे.

गमती तर विचारू नका. ब्रिटनमधल्या स्थानिक निवडणुकांवरच्या एका फिल्ममध्ये मी आशियाई नगरसेविका होते. कुठल्याच पक्षाला राग येऊ नये म्हणून माझ्या कोटावर पक्षाच्या रंगाऐवजी राखाडी रोझेट, म्हणजे फितीचा बिल्ला, लावला होता आणि हातात कोरी पत्रकं दिली होती. पिनरच्या हाय स्ट्रीटवर मी हसत हसत कोरे कागद वाटत होते. कॅमेरा होता समोरच्या इमारतीच्या पहिल्या मजल्यावर. एक गुजराती आजोबा आले, त्यांनी चष्मा लावून कोरा कागद उलटसुलट पाहिला आणि म्हणाले, “बेन, ये सब ठीक है. मेरा बिन दो वीक से कलेक्ट नहीं हुआ, उसका क्या?” आता शॉट चालू. मी त्याच कागदावर त्यांचा पत्ता लिहून घेतला. दुसऱ्या दिवशी मनाला राहवेना, म्हणून कौन्सिलला फोन केला, तिसऱ्या दिवशी पुन्हा केला, आठवडाभर केला. कचऱ्याचा तो बिन रिकामा झाला! आजोबा नंतर वर्षभर मला रस्त्यात हात जोडायचे. मत न मागता निवडून आलेली मी एकमेव नगरसेविका असेन.

आणि आवाज. जर्मन माहितीपटात परक्या भाषेतलं बोलणं सुरू झालं की दोन-तीन सेकंद ते ऐकू देतात आणि मग त्यावर जर्मन आवाज चढवतात. माझ्यावर कोलोनमधल्या कोणा बाईचा जाडसर, समजूतदार आवाज चढवलेला असायचा. पहिली डीव्हीडी घरी आली तेव्हा आम्ही ऐटीत सोफ्यावर बसलो. पाठमोरी मी खिडकीत उभी, तोंडून तीन शब्द, आणि मग त्या बाई सुरू झाल्या. आमची लेक रेवा तेव्हा नऊ वर्षांची होती. ती तिच्या लंडनी मराठीत म्हणाली, “आई, तुझा आवाज कुठे गेली?” मिलिंद म्हणाला, “जर्मनीला.” मीसुद्धा हसले, पण खरं सांगते, त्या रात्री थोडं लागलं होतं.

मला या कामात आणलं काट्रिननं. काट्रिन कोलोनची, पन्नाशीची, उंच, पांढऱ्या केसांची दिग्दर्शक. बोलणं तोडून टाकल्यासारखं आणि डोळे मात्र मायाळू. मी कॉलेजात एकांकिका स्पर्धा गाजवलेली बाई. शेवटच्या रांगेपर्यंत पोचलं पाहिजे, हे माझ्या हाडात बसलेलं. पहिल्या शॉटला मी रडले तशी काट्रिन शांतपणे म्हणाली, “लेस, नीलिमा.” कमी केलं. “लेस.” आणखी कमी केलं. शेवटी मी काहीच न करता नुसती चहाच्या कपाकडे बघत बसले तेव्हा म्हणाली, “येस. नाऊ आय बिलीव्ह.” तिच्याकडून मी शिकले की कॅमेऱ्याला बोटाची हालचालही पुरते. त्या शिकवणीचा मला फार अभिमान होता, आणि त्याच अभिमानापायी मी एका बाईला जवळजवळ खड्ड्यात घातलं. या लेखात मला खरं ते सांगायचं आहे.

युरोपातल्या घरकामगार बायकांवर काट्रिन फिल्म करत होती. लंडनच्या भागासाठी तिला एक बाई सापडली, नागपूरकडची, मराठी. तिला सुमनताई म्हणू, खरं नाव सांगायचं ते तिनंच सांगावं. सुमनताई पंचावन्नच्या. स्टॅनमोरमधल्या एका मोठ्या मराठी कुटुंबानं त्यांना पाच वर्षांपूर्वी कामाला आणलेलं. विमानतळावर उतरल्या उतरल्या पासपोर्ट बाईसाहेबांच्या पर्समध्ये गेला, तो त्यांनी परत पाहिला नव्हता. सुट्टी नाही, एकटीनं कुठे जायचं नाही, बाहेर पडलीस तर पोलीस धरतील अशी भीती घातलेली. फक्त दर गुरुवारी भाजी आणायला बसनं एजवेअरला जायची परवानगी. भाजीवाल्याच्या दुकानावरच एक सल्ला केंद्र होतं. पाच वर्षं तिथली हिंदीतही लिहिलेली पाटी बघून एका गुरुवारी त्या जिना चढल्या.

तिथल्या वकीलबाई त्यांना बाहेर काढायच्या तयारीत होत्या, पण कागदपत्रांना काही आठवडे लागणार होते. तोवर घरात कोणाला वास लागता कामा नये. नाही तर दुसऱ्या दिवशीच्या विमानात बसवून देतील आणि मग पाच वर्षांचा हिशेब कोणाकडे मागायचा? फिल्ममध्ये बोलायची मात्र सुमनताईंची फार इच्छा. म्हणून ठरलं की त्या सांगतील आणि त्यांच्या जागी कॅमेऱ्यासमोर मी बसेन. चेहरा अंधारात, उजेड फक्त टेबलावर आणि हातांवर.

आमच्या धंद्याची एक शिस्त असते. साक्षीदार आणि नट यांची गाठ घालत नाहीत. नटाला फक्त टाइप केलेला कागद मिळतो. पण सुमनताईंना हिंदी जेमतेम आणि इंग्रजी शून्य, आणि त्या परक्या दुभाष्यासमोर तोंड उघडायला तयार नव्हत्या. मग काट्रिननं मलाच दुभाषी केलं. मला तर आनंदच झाला. कागदावरचं माणूस करून कंटाळले होते, आता जिवंत माणूस बघायला मिळणार होतं!

सल्ला केंद्राच्या मागच्या खोलीत तीन गुरुवार मी सुमनताईंसमोर बसले. पहिल्या दिवशी त्या नुसत्या रडल्या. दुसऱ्या गुरुवारी बोलायला लागल्या आणि थांबेचनात.

“ताई, त्या घरच्या सगळ्याइच्या शाळा-हापिसच्या वेळा मले पाठ हायेत,” त्या म्हणाल्या. “कोनाले कोनतं शर्ट, कोनाच्या डब्यात काय. पन माही तारीख कोनती, वार कोनता, थे मले गुरुवार आला का मंगच समजते.”

मी लिहून घेत होते, काट्रिनला सांगत होते, आणि माझ्यातली नटी मात्र त्यांच्या हातांकडे बघत होती. दिवसभर इस्त्री करून करून त्यांना एक सवय लागली होती. बोलायच्या आधी उजव्या तळहाताच्या कडेनं त्या टेबल तीनदा साफ करायच्या, आतून बाहेर, तिथे नसलेली सुरकुती काढल्यासारख्या. आणि मग बोटाच्या पेरानं टेबलाच्या कोपऱ्यावर एक टिचकी. तीनदा हात, एक टिचकी, मग वाक्य. मी घरी येऊन जेवणाच्या टेबलावर ते इतक्या वेळा केलं की मिलिंद म्हणाला, “पॉलिश निघेल आता.”

मी मूर्ख नव्हते, काळजी घेतली होती. सुमनताईंची वऱ्हाडी बोली कानाला लगेच कळते म्हणून मी त्यांची वाक्यं साध्या पुस्तकी मराठीत बसवली. काट्रिननं स्टॅनमोरचं उत्तर इंग्लंड केलं, दोन मुलांचं एक केलं, पाच वर्षांची तीन केली. सगळं झाकलं. आणि मग शूटिंगसाठी घेतलेल्या चर्चच्या हॉलमध्ये मी खुर्चीत बसले, दिवा फक्त टेबलावर, आणि मी हात फिरवला.

काय झालं ते मला आजही शब्दांत सांगता येत नाही. पंचवीस वर्षं मी अभिनय करत होते आणि असं कधी झालं नव्हतं. वाक्यं माझ्या तोंडून आपोआप येत होती, हात आपोआप फिरत होता, आणि हॉलमध्ये कोणी हलत नव्हतं. काट्रिन ‘नोखमाल’ म्हणालीच नाही. शॉट संपल्यावर ती उठली, माझ्याजवळ आली आणि तिनं माझ्या दोन्ही हातांवर आपले हात ठेवले. कॅमेरामन, जो कधी कोणाशी बोलायचा नाही, तो खिडकीकडे तोंड करून उभा होता. मी परत येताना ट्रेनमध्ये एकटीच हसत होते. वेडीच दिसत असेन, पण मला पर्वा नव्हती.

पुढच्या गुरुवारी मी सल्ला केंद्रात गेले ते मजकूर वाचून दाखवायला. फिल्ममध्ये जाणारा शब्द न् शब्द साक्षीदाराला ऐकवायचा, मंजूर आहे का विचारायचं, असा काट्रिनचा नियम. मी कागद बाहेर काढला. पण नुसतं वाचून कसं राहवेल? कौतुक हवं होतं मला! “सुमनताई, बघा हं,” म्हणाले, आणि टेबलाशी बसून त्यांना सगळं करूनच दाखवलं.

मी टिचकी मारून वर पाहिलं. सुमनताईंचा चेहरा उतरला होता.

“हे त मीच हाय,” त्या हळूच म्हणाल्या.

नटाला यापेक्षा मोठी शाबासकी नसते. क्षणभर मला आभाळ ठेंगणं झालं. मग त्यांनी माझं मनगट धरलं.

“असं नोका करू जी, ताई. घरचे पोट्टे माही हेच नक्कल करतेत. जेवाले बसले का सारे जन टेबलावर असा हात फिरवतेत अन् टिचकी मारतेत अन् हासतेत. बाईसाहेबाचा भाऊ फ्रँकफर्टले राहते. त्याचे पोट्टे नाताळात येतेत, थे बी करतेत. थे टीव्ही पाहतीन त एका मिन्टात ओयखतीन!”

नाव बदललं, गाव बदललं, भाषा बदलली, आणि मी माझ्या हातांनी तिची ओळखच टेबलावर मांडली होती. ज्या एका गोष्टीसाठी मला तिथे बसवलं होतं, ती म्हणजे तिला लपवणं, आणि तेच मी माझ्या हुशारीपायी विसरले. असली चूक कागद वाचून काम करणाऱ्या नटाकडून झालीच नसती. ती करायला माणसाला बघून उचलण्याची खोड लागते, आणि ती आम्हा स्पर्धेवाल्यांना फार.

फिल्म अकरा दिवसांनी दाखवली जाणार होती. सल्ला केंद्राच्या जिन्यातूनच मी काट्रिनला फोन लावला. ती एडिटिंगला बसलेली.

ती म्हणाली, “आम्ही हात धूसर करू.”

“धूसर केलेत तरी हलताना दिसतील. आणि टिचकीचा आवाज येतो.”

“आवाज काढू.”

“काट्रिन, तीनदा हात, मग थांबणं, मग वाक्य. ते धूसरमध्येही कळतं. त्या मुलांचा तो रोजचा खेळ आहे.”

मग ती म्हणाली, “नीलिमा, तो शॉट म्हणजे माझी फिल्म आहे. नो हँड्स, नो फिल्म.”

“देन नो फिल्म,” मी म्हणाले. एवढ्या मोठ्या दिग्दर्शिकेला मी असं बोलेन हे मला स्वतःलाच खरं वाटेना.

पलीकडे तिनं डायरीची पानं उलटली. मग म्हणाली, “सॅटर्डे. आय कम.” आणि फोन ठेवला.

शनिवारी सकाळी ती एकटीच कॅमेरा घेऊन विमानानं आली. चर्चचा हॉल दुपारी एका वाढदिवसाला दिलेला होता, त्याआधीच काम उरकायचं होतं. तेच टेबल, तोच दिवा, तीच वाक्यं, फक्त हात नाही. सोपं वाटतं ना? पहिल्याच वाक्याला माझा हात उठला. नोखमाल. पुन्हा उठला. नोखमाल. मी हात मांडीवर ठेवले तर खांदा हलला. शेवटी दोन्ही तळहात मांड्यांखाली दाबून बसले, तर वाक्यं अशी कोरडी यायला लागली की बसचं वेळापत्रक वाचतेय असं वाटावं. बाहेर वाढदिवसाचे फुगे घेऊन लोक यायला लागले. मला रडू यायच्या बेतात होतं.

काट्रिननं कॅमेरा बंद केला. म्हणाली, “तू फोनवर माझ्याशी भांडलीस ना, तेव्हा तू काय करत होतीस?”

“म्हणजे?”

“घाबरतेस तेव्हा तू उजव्या कानातल्याशी खेळतेस. पहिल्या दिवसापासून बघतेय. आत्ताही तेच करते आहेस.”

मी पाहिलं तर माझी बोटं कानातल्या कुडीवर होती! चाळीस वर्षांत मला हे कोणी सांगितलं नव्हतं.

“तिचं तिला परत दे,” काट्रिन म्हणाली. “तुझं मला दे.”

आणि जमलं. वाक्यं सुमनताईंची, भीती माझी. उजेड तिनं थोडा वर घेतला, म्हणजे हात टेबलावरून उठून कानाशी जातो तेवढं सावलीत दिसावं. पहिल्याइतकं सुंदर झालं नाही, हे आम्हा दोघींना माहीत होतं. पण खरं झालं.

एक गोष्ट उरली होती. आधीची टेप. या वाहिन्या सगळं जपून ठेवतात, आणि वर्षांनी कोणी तरी कपाटातून काढून दुसऱ्याच फिल्ममध्ये वापरतं. मी म्हणाले, ती पुसायची. काट्रिननं वाद घातला नाही. टेप बरोबरच आणली होती, एडिटिंगच्या कॉम्प्युटरवरची प्रत आधीच पुसून. तिनं ती कॅमेऱ्यात घातली, लेन्सवर झाकण लावलं आणि रेकॉर्डिंग सुरू केलं. चाळीस मिनिटं आम्ही दोघी हॉलच्या मागच्या पायरीवर कॉफी पीत बसलो आणि आत माझ्या आयुष्यातल्या सर्वांत चांगल्या कामावर अंधार रेकॉर्ड होत होता. मला फार वाईट वाटलं. उगाच मोठेपणा कशाला, आजही वाटतं.

फिल्म लागली. आम्ही तीन आठवडे जीव मुठीत धरून होतो. गुरुवारी सुमनताई भाजीची पिशवी घेऊन दिसल्या की माझा जीव भांड्यात पडायचा.

आणि मग हॅरोमधल्या एका शाळेच्या हॉलमध्ये मंडळाचा दिवाळीचा कार्यक्रम झाला. मी फराळाच्या टेबलाशी उभी होते. एक नटलेल्या, हसऱ्या बाई सरळ माझ्याकडे आल्या. त्यांच्या मागे हातांवर सगळ्यांचे कोट घेऊन सुमनताई उभ्या होत्या. या बाई कोण, हे मला वेगळं सांगायला नको होतं.

“अहो, तुम्हीच ना त्या? जर्मन टीव्हीवाल्या?” बाईसाहेब म्हणाल्या. “आमच्या दादानं फ्रँकफर्टहून डीव्हीडी पाठवली. म्हणाला, मराठी बाई दिसतेय, ऐक. चेहरा कुठे दिसतोय! पण त्या कानाला हात लावतात ना, ते तुम्ही आत्ता चकलीच्या लाइनमध्ये केलंत आणि मी लगेच ओळखलं. आय वॉज सो शुअर!”

पुन्हा कानाकडे निघालेला हात मी खाली घेतला. एवढ्यावरून ओळखतात माणसं. त्या जागी ती टिचकी असती तर?

“दादानं सगळं ट्रान्सलेट करून सांगितलं मला,” त्या पुढे म्हणाल्या, आणि त्यांच्या डोळ्यांत खरोखर पाणी होतं. “मला तर रडूच आलं. ती बाई खरी आहे का हो? कोण असतील ती माणसं? मराठी माणसं असं वागतात? शेम ऑन देम!”

“ते... तिकडे नॉर्थला कुठे तरी,” मी म्हणाले.

“आमच्याकडेही बाई आहे ना. पण आम्ही तिला अगदी घरच्यासारखं ठेवतो. तिला काही कळत नाही हो, म्हणून पासपोर्टसुद्धा मी स्वतः सांभाळते. हरवला बिरवला तर बिचारीनं काय करायचं?”

मी त्यांच्या खांद्यावरून सुमनताईंकडे पाहिलं. त्या हॉलमधल्या कंदिलाकडे बघत होत्या, चेहऱ्यावर काहीही नाही. त्या संध्याकाळी त्या हॉलमध्ये दोन नट्या होत्या, आणि त्यातली चांगली मी नव्हते.

पंधरा दिवसांनी वकीलबाई पत्र घेऊन स्टॅनमोरच्या त्या दारात उभ्या राहिल्या. पासपोर्ट मिळाला आणि सुमनताई एक बॅग घेऊन बाहेर पडल्या. पिनरमध्ये एका आजींकडे रीतसर कामाला लागल्या, रविवारी सुट्टी. पहिल्याच रविवारी त्यांचा मला फोन.

“ताई, आता त काही भेव नाही राह्यलं. आता थे पयलेवालं दाखवा न टीव्हीवर. माहं.”

मी सांगून टाकलं. ती टेप पुसली, मीच पुसायला लावली, आता ती कुठेच नाही. सांगता सांगता मला रडू आलं.



“मंग काहून रडून राह्यल्या?” त्या म्हणाल्या. “मीच बसतो न त्या खुर्चीत. तोंड दिसलं तरी चालते. त्या जर्मनवाल्या बाईले सांगा.”

मी फोन ठेवला आणि लगेच काट्रिनचा नंबर फिरवला. इतक्या हर्षानं मी कुठलंच काम हातचं घालवलं नव्हतं! मार्चमध्ये काट्रिन आली, पूर्ण युनिट घेऊन. चर्चच्या त्याच हॉलमध्ये दिवे लागले, सगळे दिवे, आणि सुमनताई नव्या साडीत टेबलाशी येऊन बसल्या. मी दुभाषी म्हणून कॅमेऱ्यामागे, हातात कागद. काट्रिननं सांगितलं, “त्यांना विचार, पडद्यावर नाव कोणतं लिहायचं? हवं तर बदललेलं लिहू.”

मी विचारलं. सुमनताईंनी पदर सारखा केला, सरळ कॅमेऱ्यात बघितलं, आणि आपलं नाव सांगितलं, वडिलांचं नाव सांगितलं, आडनाव सांगितलं, तालुका आणि गाव सांगितलं, आणि काट्रिननं पहिला प्रश्न विचारायच्या आधीच बोलायला सुरुवात केली.